अठ्ठावीस मिनिटांची भीक

आपल्यातल्या काही शिकल्या-सवरल्या पोरांना सध्या एक खूळ लागलंय. मोबाईलवर अमेरिकेच्या युद्धाच्या डॉक्युमेंटऱ्या बघायच्या, एकमेकाला धाडायच्या, आणि मीटिंगीत उठून सांगायचं, 'केन बर्न्ससारखी फिल्म आपण भीमा कोरेगाववर काढली पाहिजे.' काढा की! कोण नको म्हणतंय? पण ज्याच्यासारखी काढायची तो कोण, त्यानं काय दाखवलं, काय गाळलं, पैसा कुणाचा घेतला, हे न बघता नुसतं 'सारखी सारखी' म्हणत सुटायचं, म्हणजे पाटलाच्या वाड्यासारखं घर बांधायला निघण्यातला प्रकार. त्या वाड्यात आपल्या बापाला कुठं उभं करत होते, ते विसरलात काय?

मी ह्या फिल्मी बघितल्यात. सूतगिरणीतली तिसरी पाळी करून आल्यावर झोप लागत नाही, तेव्हा बघितल्यात. इंग्रजी निम्मं कानानं कळतं, निम्मं डिक्शनरीतून उपसून काढावं लागतं. तेव्हा ऐकीव बोलत नाही.

केन बर्न्स. जन्म १९५३ चा. युद्धावरच्या फिल्मींचा अमेरिकेतला सगळ्यात मोठा निर्माता. नुसत्या जुन्या फोटोंवरून कॅमेरा हळूहळू फिरवायचा, मागं कुणीतरी जुनं पत्र वाचायचं, आणि बघणाराच्या डोळ्यात पाणी आणायचं, ही त्याची रीत. कॉम्प्युटरमध्ये फोटो सरकवण्याच्या बटणालासुद्धा त्याचं नाव दिलंय. एवढं माणसानं कमावलं. त्याची 'द सिव्हिल वॉर' १९९० च्या सप्टेंबरात पाच रात्री ओळीनं पीबीएस ह्या चॅनेलवर लागली. नऊ भाग, अकरा तासांच्या वर. चार कोटींच्या आसपास लोकांनी बघितली म्हणतात. १८६१ ते १८६५ चं ते युद्ध. फिल्म करायला त्याला युद्धापेक्षा जास्त वर्षं लागली.

हे युद्ध आपल्याला परकं नाही बरं का. जोतीरावांनी १८७३ साली 'गुलामगिरी' छापली ती कुणाला अर्पण केली? अमेरिकेतल्या ज्या भल्या लोकांनी गुलामांना सोडवण्यासाठी झीज सोसली, त्यांना. युद्ध संपून आठ वर्षं झाली होती फक्त. पुण्यात बसलेल्या माळ्याच्या पोराला त्या युद्धाचं मर्म कळलं होतं. म्हणून मी ही फिल्म जोतीरावांच्या डोळ्यांनी बघतो. बघायला दुसरे डोळे मला नाहीत, आणि नकोत.

चांगलं आहे ते चांगलं म्हणायचं. उत्तरेच्या फौजेत सुमारे एक लाख ऐंशी हजार काळे शिपाई लढले हे ह्या फिल्मीत आहे. गोऱ्या शिपायाला महिना तेरा डॉलर, काळ्याला दहा, त्यातून कपड्याचे तीन कापून हातावर सात. मॅसॅच्युसेट्सच्या ५४ व्या पलटणीनं हा सातचा पगार घ्यायला नकार दिला. लढले, मेले, पण कमी पगाराला हात लावला नाही. १८६४ साली सरकारला पगार सारखा करावा लागला. आपल्या युनियनच्या पोरांनी हे पाठ करावं.

पण गोष्ट सांगायला बसवलाय कोण? शेल्बी फूट. मिसिसिपीचा गोरा कादंबरीकार. दाढी, गोड आवाज, आजोबांनी पोराला मांडीवर घेऊन सांगावं तसं सांगणं. पडद्यावर तो पुन्हापुन्हा येतो, सगळ्यांपेक्षा जास्त येतो. हा गृहस्थ म्हणतो की ह्या युद्धानं दोन अस्सल प्रतिभावंत दिले, एक लिंकन आणि दुसरा नेथन बेडफर्ड फॉरेस्ट. हा फॉरेस्ट कोण? माणसं विकून गबर झालेला गुलामांचा व्यापारी. १८६४ च्या एप्रिलात फोर्ट पिलोला त्याच्या सैन्यानं शरण आलेल्या काळ्या शिपायांची कत्तल केली. युद्धानंतर कू क्लक्स क्लानचा तो पहिला सर्वोच्च पुढारी झाला. गुलाम सोडवणारा आणि गुलाम विकणारा, दोघंही प्रतिभावंत! एका ताटात दोघांना जेवायला घातलं. उद्या कुणी पडद्यावर बसून म्हणेल, अस्पृश्यतेच्या लढाईत दोन्ही बाजूंनी फार थोर माणसं झाली. मग तुमचे डोळे पाणावतील काय?

बार्बरा फील्ड्स ही काळी इतिहासकार बाई पण फिल्मीत आहे. तिचं म्हणणं असं की स्वातंत्र्याचा प्रश्न लढाईत रेटून आणला तो गुलामांनीच, मळे सोडून, पळून येऊन. म्हणजे कुणी सोडवलं म्हणून ते सुटले नाहीत. खरा मुद्दा हाच. पण बाईला वेळ किती आणि फूटला किती, तुम्हीच घड्याळ लावून बघा. आणि शेवट कसा केलाय? १९१३ आणि १९३८ साली गेटिसबर्गच्या मैदानावर म्हातारे झालेले दोन्हीकडचे गोरे सैनिक जमले, त्यांनी एकमेकांचे हात धरले. भाऊ-भाऊ भांडले, भाऊ-भाऊ एक झाले, खेळ खलास. युद्धानंतर काळ्यांना मताचा हक्क मिळाला, तो हिसकावून घेतला, झाडांना माणसं टांगली, त्याचं काय? एरिक फोनर नावाच्या इतिहासकारानं हेच विचारलं, की युद्धानंतरची ती सगळी वर्षं गेली कुठं? भावाभावांचं भांडण म्हटलं की गुलाम बाजूला पडतो. आपल्याकडे 'हिंदू-हिंदू एक' म्हटलं की कोण बाजूला पडतो ते सांगायला नको.

(जाता जाता. त्या फिल्मीतलं काळीज कापणारं व्हायोलिन सगळ्यांना युद्धाच्या काळातलं वाटतं. ते १९८२ साली जे उंगर नावाच्या माणसानं बांधलेलं आहे. म्हणजे रडूसुद्धा नवीन, जुन्या रंगानं रंगवलेलं.)

आता अठ्ठावीस मिनिटांची गोष्ट.

२००७ साली बर्न्सची 'द वॉर' आली. दुसरं महायुद्ध, सात भाग, चौदा तासांच्या वर. अमेरिकेतली चार गावं घेतली : मोबिल, लुव्हर्न, सॅक्रामेंटो, वॉटरबरी. त्या गावांतल्या साध्या माणसांच्या तोंडून युद्ध. कल्पना झकास. काळे घेतले, जपानी वंशाचे घेतले. पण मेक्सिकन आणि दुसऱ्या लॅटिन वंशाचा एक माणूस नाही! पाच लाखांपर्यंत लॅटिन माणसं त्या युद्धात होती असा अंदाज सांगतात. चौदा तासांत एकाला तोंड नाही. मूळचे रहिवासी, ज्यांना ते रेड इंडियन म्हणत, त्यांच्यातलाही कुणी नाही.

टेक्सासच्या युनिव्हर्सिटीत पत्रकारिता शिकवणारी मॅगी रिव्हास-रॉड्रिग्ज नावाची बाई १९९९ पासून ह्या म्हाताऱ्या सैनिकांच्या मुलाखती गोळा करत होती. शेकडो मुलाखती तिच्यापाशी. 'माणसं सापडली नाहीत' म्हणायला जागाच नव्हती. तिनं आणि तिच्या लोकांनी मोहीम उघडली, नाव ठेवलं 'डिफेंड द ऑनर'. चॅनेलवाल्यांना गाठलं, पैसे देणाऱ्या जनरल मोटर्सला आणि बिअरवाल्या अनहायझर-बुशला गाठलं. बर्न्सचं पहिलं उत्तर काय? फिल्म पुरी झाली, आता तिला कात्री लावणार नाही. दबाव वाढला तसा नरमला. दोन लॅटिन आणि एक मूळचा रहिवासी, अशा सैनिकांच्या मुलाखती काढून काही भागांच्या शेवटाला जोडल्या. एकूण सुमारे २८ मिनिटं. मूळ फिल्मीला धक्का नाही. जेवणावळ उठल्यावर दारात पत्रावळी वाढल्या.

ह्या लोकांचं युद्ध काय होतं बघा. फेलिक्स लोंगोरिया म्हणून टेक्सासचा शिपाई १९४५ साली फिलिपाइन्समध्ये मेला. १९४९ साली त्याची हाडं गावी यायची होती. थ्री रिव्हर्स ह्या त्याच्या गावातल्या अंत्यविधीवाल्यानं त्याच्या बायकोला सांगितलं, प्रार्थनेची खोली देता येणार नाही, गोऱ्यांना आवडणार नाही. देशासाठी मेलेल्याला मढं ठेवायला खोली नाही! डॉ. हेक्टर गार्सियानं माजी सैनिकांची संघटना उभी केली होती, तिनं बोंब उठवली, मग सरकारी मानानं त्याला वॉशिंग्टनजवळच्या आर्लिंग्टनला पुरलं. मित्रांनो, स्मशानावरून मार खाल्लेली गावं तुम्ही-आम्ही मोजली तर बोटं पुरायची नाहीत. मग ह्या माणसाला चौदा तासांत जागा नाही हे बघून तुमच्या पोटात काहीच कसं हललं नाही?

२०१७ ची 'द व्हिएतनाम वॉर' तर अठरा तासांची. पैसे देणाऱ्यांत बँक ऑफ अमेरिका आणि तेलवाला अब्जाधीश डेव्हिड कोक. सुरुवातीलाच सांगून टाकलं की ते युद्ध भल्या माणसांनी चांगल्या हेतूनं सुरू केलं होतं. बँकेचा पैसा घेतल्यावर युद्ध कुणी कशासाठी लढवलं हे किती खोल खणता येतं, ते ज्यानं त्यानं समजावं. व्हिएतनामी माणसं ह्यात बोलतात, हे मात्र कबूल. त्याबद्दल त्याला माझे दोन मार्क.

तर 'कुणासारखी' काढायची? विल्यम माइल्सचं नाव तुमच्यातल्या कितीजणांना माहीत आहे? त्याच्या फिल्मीचे तुकडे कुणी एकमेकाला धाडत नाही.

माइल्स हार्लेमचा. १९३१ साली जन्मला, २०१३ साली गेला. काळा माणूस. मोठ्या शाळेतून फिल्म शिकून आला नाही. जुन्या, फाटलेल्या, कुजत चाललेल्या फिल्मी दुरुस्त करायचं काम कित्येक वर्षं केलं. मी रिंगखात्यात तुटलेला धागा दिवसभर सांधतो, त्यामुळं ह्या कामाची किंमत मला ठाऊक आहे. सांधणाऱ्याचं नाव कापडावर येत नाही. पण सांधता सांधता ह्या माणसाला कळलं की आपल्या लोकांचं युद्ध कुठल्याच फिल्मीत नाही. सरकारी दप्तरात गठ्ठे पडलेत, कुणी बघत नाही. त्यानं ते उकरले, जिवंत राहिलेल्या म्हाताऱ्यांना गाठलं आणि १९७७ साली 'मेन ऑफ ब्राँझ' काढली. तासाभराची सुद्धा नाही धड. पुढं १९८१ साली 'आय रिमेंबर हार्लेम', मग फौजेतल्या काळ्यांवर आणखी फिल्मी.

'मेन ऑफ ब्राँझ' मध्ये काय आहे? पहिल्या महायुद्धातली ३६९ वी पलटण. हार्लेमची काळी पोरं. फ्रान्सला नेलं आणि आधी काय काम दिलं? बंदरावर हमाली, रेल्वेचे रूळ टाकणं. बंदूक हातात द्यायला अमेरिकन सेनापतींचा जीव होईना. शेवटी १९१८ साली ती पलटणच फ्रेंच फौजेला देऊन टाकली. फ्रेंच टोप, फ्रेंच बंदुका, फ्रेंच हुकूम. १९१ दिवस आघाडीवर राहिली. फ्रेंचांनी अख्ख्या पलटणीला 'क्रॉ द गेर' हे पदक दिलं. हेन्री जॉन्सन नावाचा स्टेशनवरचा हमाल, त्यानं एका रात्री जर्मनांची टोळी एकट्यानं थोपवली, गोळ्या संपल्यावर सुऱ्यानं लढला. १९२९ साली कंगाल होऊन मेला. त्याच्या देशानं त्याला सगळ्यात मोठं पदक दिलं ते २०१५ साली. शहाऐंशी वर्षांनी!

आणि हे ऐका. ऑगस्ट १९१८ मध्ये अमेरिकन मुख्यालयातल्या फ्रेंच कचेरीतून फ्रेंच अधिकाऱ्यांसाठी एक गुप्त पत्रक निघालं. काळ्या अधिकाऱ्यांबरोबर जेवू नका. त्यांच्याशी हात मिळवू नका. कामापुरतं सोडून बोलू-भेटू नका. त्यांची फार तारीफ करू नका, गोऱ्या अमेरिकनांसमोर तर नकोच. जेवू नका, शिवू नका! मनुस्मृती फ्रेंचमध्ये कुणी नेली होती, सांगा बरं. हे पत्रक डुबॉइसनं मिळवून 'द क्रायसिस' ह्या आपल्या मासिकात मे १९१९ ला छापलं. ह्याच डुबॉइसला बाबासाहेबांनी १९४६ साली पत्र लिहून विचारलं होतं, की काळ्यांनी युनोकडे जो अर्ज केलाय त्याची प्रत मिळेल काय. बाबासाहेबांना कुणाशी बोलायचं ते माहीत होतं.

इथपर्यंत टाळ्या वाजवणं सोपं आहे. पुढचं नीट वाचा.

१९९२ साली माइल्स आणि नीना रोझेनब्लम ह्यांनी 'लिबरेटर्स' काढली. दुसऱ्या महायुद्धातली ७६१ वी काळी रणगाडा पलटण. १८३ दिवस लढली, पलटणीचा सन्मान मिळायला १९७८ साल उजाडलं. फिल्मीत दाखवलं की ह्या काळ्या शिपायांनी बुखेनवाल्ड आणि डाखाऊ ह्या हिटलरच्या छळछावण्या सोडवल्या. न्यूयॉर्कमध्ये तेव्हा काळे आणि ज्यू एकमेकांच्या जिवावर उठले होते, १९९१ ची क्राउन हाइट्सची दंगल ताजी होती. डिसेंबर १९९२ मध्ये हार्लेमच्या अपोलो थिएटरात दोघांना एकत्र बसवून फिल्म दाखवली. ऑस्करचं नामांकन मिळालं. आणि १९९३ च्या फेब्रुवारीत सगळं कोसळलं. त्याच पलटणीतले म्हातारे पुढं आले, म्हणाले, आम्ही त्या दिवशी बुखेनवाल्डला नव्हतोच, कित्येक मैल लांब होतो. डब्ल्यूएनईटी चॅनेलनं फिल्म मागं घेतली, चौकशी बसवली, आणि सप्टेंबरात सांगितलं की त्या दोन छावण्यांबद्दलचं म्हणणं पुराव्यानं टिकत नाही. दोघांनी आपली बाजू सोडली नाही, पण फिल्म पडद्यावरून गेली ती गेली.

ह्यात काळीज जाळणारी गोष्ट कोणती? ती पलटण एका छावणीपर्यंत खरोखर पोचली होती. ऑस्ट्रियातलं गुन्सकिर्खेन, मे १९४५, ७१ व्या डिव्हिजनबरोबर. खरं हाताशी होतं! पण बुखेनवाल्डचं नाव मोठं, डाखाऊचं नाव मोठं. मोठ्या नावाच्या मोहानं खऱ्या लहान नावाचा बळी गेला. त्यानंतर गुन्सकिर्खेनचं कोण ऐकणार? आणि १८३ दिवसांचं?

आता दोन्ही हिशेब शेजारी मांडा. बर्न्सनं पाच लाख माणसं गाळली : शिक्षा काय, तर शेवटाला २८ मिनिटं जोड, आणि पुढच्या फिल्मीला बँक पैसे देते. माइल्सनं दोन छावण्या चुकीच्या जोडल्या : शिक्षा काय, तर अख्खी फिल्म बाद. गाळणं ह्याला 'कलावंताची निवड' म्हणतात, आणि चुकणं ह्याला 'खोटारडेपणा'. का? गाळलेलं दिसत नाही म्हणून. जे पडद्यावर नाहीच, त्याला खोटं कोण म्हणणार? प्रस्थापितांचा सगळा इतिहास ह्याच युक्तीवर उभा आहे. हा अन्याय आहे, उघडा-नागडा अन्याय आहे. पण म्हणून माइल्सची चूक बरोबर ठरत नाही. पलटणीतल्या म्हाताऱ्यांना नीट विचारलं असतं, रोजनिशी आणि नकाशा शेजारी ठेवला असता, तर त्या लोकांच्या हातात कोलीत मिळालं नसतं.

हे मी का सांगतोय ते तुम्हाला कळलं असेल. आपल्या काही पत्रकांत छापतात : पाचशे महारांनी अठ्ठावीस हजार पेशवे कापले. बोलपटासारखं वाक्य आहे, टाळी पडते. पण कंपनीची सगळी फौज आठशेच्या वर होती, त्यातलं पायदळ पाचशेच्या आसपास, आणि ते पाचशे सगळे महार नव्हते. पेशव्यांची मोठी फौज जवळ होती, पण गावात शिरून लढली ती तिच्यातली थोडी. अठ्ठावीस हजार मेले बिले नाहीत. स्तंभावर मेलेल्यांची ४९ नावं मोजलीत, त्यातली २२ 'नाक' शेवटाची, म्हणजे आपली. बावीस! गळ्यात मडकं अडकवण्याच्या काळात, बावीस महारांची नावं दगडात कोरली गेली. हे कमी पडलं काय तुम्हाला? बाबासाहेब १ जानेवारी १९२७ ला तिथं गेले ते हीच नावं वाचायला. १ जानेवारी २०१८ नंतर तर तिथल्या एकेका वाक्यावर चौकशी आयोग बसलाय. तुमच्या फिल्मीतला एक आकडा चुकला की टीव्हीवाले तो आकडा धरून बावीसच्या बावीस नावं पुसायला मोकळे.

कुणी म्हणेल, इंग्रजांची चाकरी केली त्याचं कौतुक कशाला? तेही फिल्मीत यायला पाहिजे. ज्या इंग्रजांसाठी मेले, त्याच इंग्रजांनी १८९२-९३ च्या सुमारास महारांची भरती बंद केली. म्हणे, तुम्ही लढवय्ये नव्हे. दगडात नावं कोरून पंचाहत्तर वर्षं झाली नव्हती तोवर! गोपाळबाबा वलंगकर हा पेन्शनर शिपाई तेव्हा अर्ज लिहायला बसला. पहिल्या महायुद्धात गरज पडली तेव्हा १९१७ ला १११ वी महार पलटण उभी केली, गरज संपताच १९२१ ला मोडली. बंदरावरचे काळे हमाल आणि आपण, दोघांनाही वापरलं आणि टाकलं. नुसता जयजयकार असलेली फिल्म आपली नव्हे. ती बर्न्सचीच झाली, फक्त निळ्या रंगात.

तेव्हा कॅमेऱ्याच्या वर्गणीच्या आधी मला दुसरं काम पाहिजे. महार रेजिमेंट १ ऑक्टोबर १९४१ ला बेळगावला उभी राहिली. त्या पहिल्या भरतीतलं आता बहुधा कुणी उरलं नसेल. पण १९७१ च्या लढाईतले म्हातारे अजून वस्त्यांत आहेत, सत्तरी ओलांडलेले, दमा लागलेले, पेन्शनीच्या रांगेत उभे राहणारे. त्यांच्याकडे जा. चार टाळीची वाक्यं काढायला जाऊ नका. तारीख, जागा, कंपनी, शेजारी कोण होता, अधिकारी कोण होता, हे विचारा. लंगरात कुठं बसून जेवलात, गावी सुट्टीवर आल्यावर विहिरीवर काय झालं, हेही विचारा. एकाचं सांगणं दुसऱ्याला ताडून बघा. 'आठवत नाही' म्हणाला तर 'आठवत नाही' असंच लिहा. ज्यांच्या घरी आज्याचं डिस्चार्ज बुक, पगाराची पावती, पत्र्याच्या पेटीतला वर्दीतला फोटो असेल, त्यांनी तो घरच्यांच्या देखत उजेडात धरून दोन्ही बाजूंनी काढून घ्यावा आणि मूळ कागद परत पेटीत ठेवावा. मासिकासाठी मूळ प्रत कुणी पाठवू नये. फोटोच्या मागं नाव, गाव, पलटणीचा नंबर लिहून ठेवा, पण पेन्सिलीनं. शाई दमटपणानं पुढच्या बाजूला उमटते आणि चेहरा खराब होतो.